लाईन गेल्यावरही चालणारी संगणकाची पुस्तकं

विदर्भातल्या खेड्यात मुलांसाठी संगणकाचं पुस्तक घ्यायचं असेल तर मुखपृष्ठावर जाऊ नये. मधलं कोणतंही पान उघडावं आणि स्वतःला विचारावं: लाईन गेलेली आहे, ओसरीत चाळीस पोरं बसली आहेत, शाळेचा एकुलता एक संगणक कपाटात कुलूपबंद आहे, अशा वेळी या पानाचं काय करता येईल? वाचून दाखवण्यापलीकडे काहीच करता येत नसेल तर पुस्तक परत ठेवून द्यावं. बटणांची नावं दर चार-पाच वर्षांनी बदलतात. यंत्र दोनच खुणांत सगळं कसं साठवतं, हवं ते कसं शोधतं, स्वतःची चूक कशी पकडतं, हे मात्र बदलत नाही. आणि ते शिकायला मूठभर चिंचोके पुरतात.

या कसोटीला पुरेपूर उतरणारं पुस्तक न्यूझीलंडहून आलेलं आहे. त्याच्याकडे जाण्याआधी, न उतरणाऱ्यांबद्दल थोडं.

तालुक्याच्या स्टेशनरीच्या दुकानात पहिल्यांदा हाती येतात ती पातळ, चकचकीत, संगणकाची ओळख करून देणारी पुस्तकं. मॉनिटर, कीबोर्ड, माउस, फ्लॉपी यांची चित्रं, त्यांवर बाण, शेवटी रिकाम्या जागा भरा. यांत तीन चुका हमखास सापडतात. पहिली, टेबलाखालच्या अख्ख्या डब्याला सीपीयू म्हटलेलं असतं. तो डबा म्हणजे कॅबिनेट. सीपीयू ही त्याच्या आतली काडेपेटीपेक्षाही लहान चिप. दुसरी, ‘कॉम्प्युटर’ या शब्दाचं ‘कॉमनली ऑपरेटेड मशीन...’ असं लांबलचक पूर्ण रूप दिलेलं असतं आणि पोरं ते घोकतात. असं पूर्ण रूप नाहीच. हिशेब करणे या अर्थाच्या इंग्रजी क्रियापदावरून तो शब्द आला, आणि यंत्रं येण्याआधी हिशेब करणाऱ्या माणसांनाच कॉम्प्युटर म्हणत. आपला ‘संगणक’ हा शब्दही गणनेवरूनच बनला, तेवढं सांगितलं तरी मुलाला अर्थ कळतो. तिसरी चूक सगळ्यांत मोठी: घरातला मोबाइल हाही संगणकच आहे, हे यांतलं बहुतेक एकही पुस्तक सांगत नाही. खेड्यातल्या मुलाने पहिला हात लावलेला संगणक तोच असतो. त्याला सोडून फ्लॉपीचं चित्र दाखवणारं पुस्तक फुकट मिळालं तरी घेऊ नये.

दुसरं पुस्तक बरंच वरच्या दर्जाचं. फिनलंडच्या लिंडा लिउकस यांचं ‘हेलो रूबी’. २०१४ मध्ये त्यांनी किकस्टार्टरवर लोकांकडून पैसे उभे केले आणि त्यातून ते आलं. अर्धं गोष्टीचं, अर्धं उपक्रमांचं. त्यातली एक जागा फार नेमकी आहे. बाबा रूबीला कपडे घालायला सांगतात, तर ती रात्रीच्या कपड्यांवरच कपडे घालते. आधीचे काढ असं कुणी सांगितलं नव्हतं ना! यंत्र सांगितलं तेवढंच करतं हे पाच वर्षांच्या मुलाला याहून सोपं सांगता येणार नाही. आपल्याकडे सांगताना आई पोराला ‘गिरणीवरून दळण घेऊन ये’ म्हणते आणि पोरगं डबा न घेताच निघतं, असं करावं. वर्ग लगेच पकडतो. अडचण पुढे येते. गोष्टीतला हिमबिबट्या, पेंग्विन, हिरवे रोबो, कोल्हे ही पात्रं संगणकातल्या नावांवरून घेतलेली आहेत. ज्या घरात लॅपटॉप आहे तिथल्या आईबाबांना ती गंमत कळते. ज्या घरात नाही तिथे पेंग्विन नुसता पेंग्विन राहतो. पहिली-दुसरीच्या मुलांसाठी, समजावून सांगणारं मोठं माणूस शेजारी असेल तरच घ्यावं. चाळीसच्या वर्गासाठी नाही.

आता मुख्य पुस्तक: ‘कॉम्प्युटर सायन्स अनप्लग्ड’. लेखक टिम बेल, इयन विटन आणि माइक फेलोज. नावातच सगळं आलं, प्लग काढून संगणकशास्त्र. प्राथमिकच्या शिक्षकांसाठी केलेली २०१५ ची आवृत्ती दोनशेच्या वर पानांची आहे आणि तिची पीडीएफ इंटरनेटवरून मोफत उतरवता येते. विक्रीसाठी नसेल तर छापायची, वाटायची, भाषांतर करून बदलायची परवानगी परवान्यातच दिलेली आहे. मूळ लेखकांचं नाव ठेवायचं आणि आपलं भाषांतरही तसंच खुलं ठेवायचं, एवढ्या अटी. प्रत इंग्रजीत आहे आणि शिक्षकांसाठी लिहिलेली आहे. म्हणजे ती थेट मुलाच्या हाती द्यायची नाही. सरांनी किंवा मॅडमनी आदल्या दिवशी एक प्रकरण वाचायचं, सामान जमवायचं आणि मराठीतून खेळ घ्यायचा. सगळं पुस्तक झेरॉक्स करण्यात पैसे घालवू नयेत. प्रत्येक प्रकरणात मुलांना द्यायची दोन-चार पानंच छापावीत. झेरॉक्सवाल्याला शाई गडद ठेवायला सांगावं, नाहीतर चौकटींच्या बारीक रेषा अर्ध्या उडतात आणि चित्राच्या प्रकरणात मुलांना घरं मोजता येत नाहीत.

पहिलं प्रकरण ठिपक्यांच्या कार्डांचं, आणि सुरुवात तिथूनच करावी. पाच पुठ्ठे, ए-फोर आकाराचे. एकावर १६ ठिपके, मग ८, ४, २, १. पाच रुपयांचं नाणं ठेवून गोल काढले तर सोळाचे ठिपके चार-चारच्या ओळीत नीट बसतात आणि मागच्या रांगेलाही दिसतात. पाच मुलं पुढे उभी करायची. कार्ड उघडं म्हणजे १, पालथं म्हणजे ०. वर्गाने ‘नऊ’ म्हटलं की ८ आणि १ उघडे राहतात, बाकी पालथे: ०१००१. एकवीस म्हटलं की १६, ४, १: १०१०१. शून्यापासून ३१ पर्यंतचा प्रत्येक आकडा यात बनतो आणि प्रत्येक एकाच रीतीने बनतो. हे मुलांना सांगू नये, ‘सात दुसऱ्या कशाने करून दाखवा’ असं म्हणून त्यांनाच शोधू द्यावं. सहावं कार्ड किती ठिपक्यांचं, हा प्रश्न तिसरीचं पोरगंही सोडवतं.

इथे बिघडतं ते एकाच ठिकाणी. १६ चं कार्ड वर्गाला डावीकडे दिसायला हवं. शिक्षक मुलांच्या मागे उभे राहून त्यांना लावतात, सगळा क्रम उलटा होतो आणि फळ्यावर लिहिलेलं जुळत नाही. मुलांना उभं करण्याआधी वर्गाच्या बाजूने जाऊन फळ्यावर १६ ते १ लिहून ठेवावं, मग गोंधळ होत नाही. नंतर प्रत्येक मुलाला छोटी कार्डं किंवा ठिपक्यांऐवजी दाणे द्यायचे तर चिंचोकेच द्यावेत. फल्लीदाणे दिले की आठाचे सहा व्हायला वेळ लागत नाही. एका संचाला ३१ दाणे, दहा गटांना ३१०.

याच प्रकरणाच्या पुढच्या भागात हे पुस्तक मराठी मुलांना अर्ध्या वाटेवर सोडतं, आणि तिथे शिक्षकाला स्वतः काम करावं लागतं. पुस्तक म्हणतं, १ म्हणजे ए, २ म्हणजे बी, आणि आता पाच कार्डांनी निरोप पाठवा. इंग्रजीची २६ अक्षरं ३१ मध्ये मावतात. आपली मावत नाहीत. क पासून ह पर्यंत ३३ आणि ळ धरून व्यंजनंच ३४ झाली. म्हणून सहावं, ३२ ठिपक्यांचं कार्ड घ्यायचं. मग ० ते ६३ अशा ६४ जागा मिळतात. आता मोजा: ३४ व्यंजनं, अ ते औ, ऋ धरून ११ स्वर आणि ॲ, ऑ मिळून १३, त्यांच्या मात्रा १२, अनुस्वार, विसर्ग आणि पाय मोडायची खूण अशा ३. बेरीज ६२. पूर्णविरामाला ६३ वा क्रमांक द्यायचा, मोकळ्या जागेला शून्य. चौसष्टच्या चौसष्ट जागा भरल्या. हा तक्ता मुलांकडूनच करून घ्यावा, आपली लिपी किती मोठी आहे हे त्यांच्या बोटांना कळतं.

मग गावाचं नाव लिहायला द्यावं. क ला १ धरला की व २९, ण १५ आणि ळ ३४. पुढे स्वर ३५ ते ४७ आणि मात्रा ४८ पासून: काना ४८, पहिली वेलांटी ४९, दुसरी ५०. ‘वणी’ म्हणजे २९, १५, ५०. कार्डांत ०१११०१, ००११११, ११००१०. सोपं. आता ‘चिखली’ द्यावं. अर्धा वर्ग वेलांटी आधी लिहील, कारण ती च च्या डावीकडे दिसते. संगणक मात्र च आधी आणि वेलांटी नंतर ठेवतो: ६, ४९, २, २८, ५०. फोनमध्येही तसंच. युनिकोड या जागतिक तक्त्यात देवनागरीला १२८ जागा राखून ठेवलेल्या आहेत. तिथे क चा क्रमांक २३२५ आणि पहिल्या वेलांटीचा २३६७. ‘कि’ टाइप करून एकदा खोडलं की बहुतेक फोनवर आधी वेलांटी जाते, क राहतो. हे मुलांना फोनवर करून दाखवावं. ‘क्ष’ खोडताना क, पाय मोडल्याची खूण आणि ष असे तीन तुकडे निघतात, तेव्हा वर्ग चकित होतो. आणि इंग्रजीत एका एसएमएसमध्ये १६० अक्षरं जातात तर मराठीत ७० खुणा, हे का, तेही इथेच सुटतं: इंग्रजी अक्षरं थोड्या कार्डांत बसतात, आपल्याला प्रत्येक खुणेसाठी जास्त कार्डं लागतात.

मराठीतून असं पुस्तक कुणी लिहायला घेतलं तर त्याने याच प्रकरणापासून सुरुवात करावी. इंग्रजी पुस्तकाच्या भाषांतरातून हे येणं शक्य नाही.

दुसरं प्रकरण चित्रांचं. पुस्तक सुरुवात करतं फॅक्स यंत्रापासून, आणि ते आपल्या मुलांनी पाहिलेलंच नाही. फॅक्स सोडून द्यावा. त्याऐवजी फोनवरचा एखादा फोटो इतका मोठा करावा की चौकोनी ठिपके दिसू लागतील. पद्धत मात्र पुस्तकातलीच: प्रत्येक ओळीत आधी पांढरी घरं किती, मग काळी किती, मग पुन्हा पांढरी. पहिलंच घर काळं असेल तर आधी शून्य लिहायचा. नेमका हाच शून्य मुलं विसरतात आणि पुढची सगळी ओळ पांढऱ्याची काळी होते. पुस्तकातलं इंग्रजी अक्षर घेण्याऐवजी आपलं घ्यावं. पाच घरं रुंद, सहा ओळी:

०, ५
१, १, २, १
१, १, २, १
०, २, २, १
४, १
४, १

चौकटीच्या वहीत भरून पाहा, ‘ग’ येतो. रांगोळीचे ठिपके मोजणाऱ्या मुलींना हे प्रकरण मुलांच्या आधी जमतं, आणि ते त्यांना कळू द्यावं.

पत्ते उलटण्याचं प्रकरण हे या पुस्तकाचं सोनं आहे. ३६ कार्डं लागतात, एका बाजूने रंगवलेली, दुसऱ्या बाजूने कोरी. बावीस बाय अठ्ठावीस इंचाच्या एका कार्डशीटमधून तीन इंची ६३ चौकोन निघतात, म्हणजे एक पुरते आणि २७ उरतात. एका मुलाला पाच बाय पाच असे पंचवीस कसेही मांडायला सांगायचे. ‘अजून अवघड करू’ म्हणत शिक्षकाने सहावी ओळ आणि सहावा रकाना जोडायचा, पण असा, की प्रत्येक आडव्या ओळीत आणि उभ्या रकान्यात रंगीत कार्डं समसंख्येत येतील. मग शिक्षकाने पाठ फिरवायची, मुलाने एकच कार्ड उलटायचं. शिक्षक वळतात आणि बोट ठेवतात. ज्या ओळीत विषम झालं आणि ज्या रकान्यात विषम झालं, त्यांच्या छेदावरचं कार्ड.

घोटाळा होतो तो कोपऱ्याच्या कार्डात. ते शेवटी ठेवायचं आणि ओळीने पाहिलं तरी, रकान्याने पाहिलं तरी, एकच उत्तर येतं. वेगळं आलं तर आधी जोडलेल्या दहा कार्डांत कुठेतरी मोजणी चुकली आहे. खेळ सुरू करू नये, पुन्हा मोजावं. हे शिक्षकांना नवीन नाही. पोषण आहाराच्या रजिस्टरमध्ये आडवी बेरीज आणि उभी बेरीज कोपऱ्यात जुळते ती याच कारणाने, आणि न जुळल्यावर आपण चूक अशीच शोधतो. मुलांनी जादू पकडली की पुढचं विचारावं: दोन कार्डं उलटली तर? एकाच ओळीतली असतील तर ओळ गप्प राहते, पण दोन रकाने बोलतात. चूक झाली हे कळतं, कोणती ते कळत नाही. आयताच्या चार कोपऱ्यांवरची चारही उलटली तर काहीच कळत नाही. सहावीची मुलं हा डाव स्वतः शोधतात. आधार क्रमांकाच्या बारा आकड्यांतला शेवटचा आकडाही असाच पडताळणीचा असतो. एक आकडा चुकला किंवा शेजारचे दोन उलटसुलट झाले तर तो पकडतो. पुस्तकांच्या पाठीवरच्या तेरा आकड्यांचंही तसंच: आकड्यांना आळीपाळीने १ आणि ३ ने गुणून बेरीज करा, दहाने निःशेष भाग जायला हवा. वर्गात असे आकडे असलेली पुस्तकं असतील तर प्रत्येकाने एक तपासावं.

ओसरीत वाऱ्याने कार्डं उलटतात, आणि या खेळात ते परवडत नाही. जमिनीवर मांडावीत, प्रत्येकावर लहान खडा ठेवावा, किंवा सकाळच्या शाळेत, वारा सुटण्याआधी घ्यावं.

चिखलाच्या शहराचं प्रकरण तर जणू आपल्यासाठीच लिहिलंय. काळ्या मातीत पहिला पाऊस पडला की पांदण रस्त्यावर बंडीही रुतते, त्यामुळे प्रश्न समजावून सांगावा लागत नाही: कमीत कमी फरशी टाकून सगळी घरं कशी जोडायची? पुस्तकातला नकाशा आहे तसा वापरू नये, आपल्या गावाचा काढावा. शाळा ते विहीर ३ फरश्या, विहीर ते देऊळ ४, शाळा ते देऊळ ५, देऊळ ते चावडी २, चावडी ते शाळा ६, चावडी ते डेअरी ७, विहीर ते डेअरी ८. मुलं सुरुवात शाळेपासून करतात आणि अडकतात. नियम असा: गावात कुठेही असो, सगळ्यांत छोटा रस्ता आधी उचला, ज्याने गोल वेटोळं तयार होईल तो सोडा. देऊळ–चावडी २, शाळा–विहीर ३, विहीर–देऊळ ४; पुढचे ५ आणि ६ वेटोळं करतात, सोडले; चावडी–डेअरी ७. एकूण १६. पाच ठिकाणं, चार रस्ते. नेहमी एकाने कमी. पोरांची उत्तरं आधी सतरा, अठरा येतात, ती खोडू नयेत, फळ्यावर शेजारी लिहावीत आणि आणखी कमी कुणाला जमतं ते पाहावं. हा प्रश्न गणितात आला तो विजेच्या तारांमुळे: १९२६ मध्ये ओटाकार बोरूव्हका यांनी मोराव्हिया प्रांतात वीज पोचवताना कमीत कमी तार कशी लागेल याचा विचार करून त्याचं उत्तर काढलं. डीपीवरून शिवारात तार ओढताना पाहिलेल्या मुलांना हे सांगायलाच हवं.

संत्र्यांचा खेळ. पुस्तकात संत्रीच आहेत, आपण घातलेली नाहीत. पाच-पाच मुलांचे गोल. प्रत्येकाच्या नावाची दोन संत्री, फक्त एकाच्या नावाचं एक. म्हणजे नऊ संत्री आणि एक हात रिकामा. संत्री वाटायची अशी, की कुणाला स्वतःचं मिळू नये. मग शेजाऱ्याचा हात रिकामा असेल तरच त्याला एक द्यायचं, एका वेळी एकच, आणि सगळ्यांना आपापली मिळवायची. पहिल्या डावात हमखास अडतं: ज्याला स्वतःची दोन्ही मिळाली तो हात मिटून बसतो, आणि गोलात रिकामा हात फिरायचा थांबतो. हेच शिकायचंय. संगणकांच्या जाळ्यातून माहिती जाताना प्रत्येक जण आपलं धरून बसला तर सगळ्यांचीच वाट बंद होते. मध्येच सांगू नये, पोरांना अडू द्यावं, भांडू द्यावं. आंबिया बहाराची संत्री असताना, म्हणजे दिवाळीच्या सुमारास, हा खेळ ठेवावा. मोसम नसेल तर लिंबं, नाहीतर चिंध्यांचे चेंडू. नाव सालीवर स्केचपेनाने लिहिलं तर घामाने पुसतं, कागदाची चिठ्ठी चिकटपट्टीने लावावी.

खजिन्याच्या शोधाचं प्रकरण आहे, त्यात समुद्र, बेटं, चाचे आहेत. इथल्या बहुतेक मुलांनी समुद्र पाहिलेला नाही, एसटी स्टँड रोज पाहतात. सात बेटांऐवजी सात स्टँड: आर्वी, हिंगणघाट, वणी, राळेगाव, पांढरकवडा, चिमूर आणि खजिन्याच्या जागी ताडोबा. प्रत्येक स्टँडवर एक मूल, त्याच्या चिठ्ठीवर ‘अ गाडी कुठे जाते, ब गाडी कुठे’. ताडोबाला पोचेपर्यंत प्रवासी फक्त अ किंवा ब म्हणू शकतो आणि जाताना नकाशा काढत जातो. गाड्या खऱ्या मार्गांवर ठेवू नयेत, पोरं पाठांतराने सांगतात. चिठ्ठी दुसऱ्याला दिसता कामा नये, आणि प्रवाशांमध्ये दोन-तीन मिनिटांचं अंतर ठेवावं. नाहीतर सगळे पहिल्याच्या मागे धावतात.

वजनांच्या प्रकरणाला तराजू आणि आठ सारखे डबे लागतात, आत कमी-जास्त वाळू. किराण्याच्या दुकानातला जुना दोन पारड्यांचा तराजू मागून आणता येतो. सगळ्यांत हलका शोधायला सात वेळा तोलावं लागतं, अशाच पद्धतीने सगळे क्रमाने लावायला २८ वेळा. मग पुस्तक दाखवतं की गट पाडत गेलं तर बहुतेक वेळा खूपच कमी लागतं. डबे बामाचे किंवा औषधाच्या गोळ्यांचे घ्यावेत. कीटकनाशकाच्या रिकाम्या बाटल्या सारख्या आकाराच्या, फुकट आणि कास्तकाराच्या प्रत्येक घरी पडलेल्या असतात, म्हणून मुलं त्याच आणतात. धुतलेली असली तरी एकही वर्गात येऊ देऊ नये. आणायला सांगतानाच हे स्पष्ट सांगावं.

क्रमाचं जाळं, म्हणजे रेषांनी जोडलेले गोल, मैदानावर काढायचं असतं. काळ्या मातीवर खडू उमटत नाही, कबड्डीच्या मैदानासाठी असते ती फक्की वापरावी. सहा मुलं, सहा आकडे. प्रत्येक गोलात दोघं भेटतात, लहान आकडा डावीकडे, मोठा उजवीकडे, आणि जाळं संपतं तिथे सगळे क्रमाने उभे असतात. गोल इतके मोठे काढावेत की दोन मुलं आत मावतील. चालताना डावी-उजवी कुणाची, हे आधी ठरवावं: मुलांची, पाहणाऱ्यांची नव्हे. मार्च-एप्रिलमध्ये सकाळी नऊच्या आत आटपावं.

सोडून द्यावीत अशी प्रकरणंही आहेत. गुप्त संदेशांच्या भागातली शेवटची दोन, नाणेफेक फोनवरून कशी करायची आणि सगळ्यांना ठाऊक असलेल्या किल्लीने निरोप कसा लपवायचा, ही आठवीच्या खाली जड जातात. लेखकांचं लिहिणंही तिथे दाट होतं. मजकूर आवळण्याच्या, म्हणजे पुन्हा येणारे तुकडे एकदाच लिहून जागा वाचवण्याच्या प्रकरणातली कविता इंग्रजी आहे, तिच्या भाषांतरात पुनरुक्ती उडते आणि खेळच मरतो. त्याऐवजी ‘वेचा कापूस, कापूस वेचा, वेचा वेचा’ असली ओळ स्वतः रचावी. वेळेचाही अंदाज आपला आपण धरावा. चाळीस मुलं, एक शिक्षक, सामान वाटणं, गोळा करणं हे धरलं की एका प्रकरणाला दोन तासिका लागतात.

क्रम असा लावावा: तिसरी-चौथीला ठिपके, चित्र, संत्री, पाचवी-सहावीला पत्ते, पांदण, स्टँड, वजनं, सातवी-आठवीला अक्षरांचा पूर्ण तक्ता, क्रमाचं जाळं, मग उरलेलं. विदर्भात शाळा जूनच्या शेवटी उघडतात, पहिल्या पावसात पांदणाचं प्रकरण घेतलं तर उदाहरण दाराशीच असतं.

वाचायला पुस्तकं हवीत ती वेगळी. प्रथम बुक्सचं स्टोरीवीव्हर हे २०१५ पासून चालू असलेलं संकेतस्थळ त्यासाठी चांगलं: मराठी भाषा निवडायची, चारपैकी वाचनाचा स्तर निवडायचा, विज्ञान-तंत्रज्ञानाच्या गोष्टी गाळून घ्यायच्या आणि नेटवर्क असेल तिथून पीडीएफ उतरवून आणायच्या. छापायला, वाटायला परवानगी आहे. गोष्टी लहान आहेत, चित्रं उत्तम. उपक्रम मात्र त्यांत शोधू नयेत. आणि शाळेचा संगणक कपाटाबाहेर आला तर स्क्रॅच, म्हणजे रंगीत ठोकळे जोडून पडद्यावरच्या मांजराला हुकूम द्यायला शिकवणारं सॉफ्टवेअर, अमेरिकेतल्या एमआयटी विद्यापीठात बनलेलं, २००७ पासूनचं, मोफत; त्याची इंटरनेटविना चालणारी आवृत्ती पेनड्राइव्हवर आणून टाकता येते. पण वरची प्रकरणं झाल्यानंतर. आधी स्क्रॅच दिलं की पोरं मांजर नाचवतात आणि तिथेच थांबतात.

कार्डं एकदा केली की तीन-चार वर्षं टिकतात, पावसाळ्यात सांभाळली तर. पुठ्ठ्याला वाळवी आणि ओल दोन्ही लागतात. झाकणाचा पत्र्याचा डबा घ्यावा, जमिनीवर न ठेवता फळीवर ठेवावा, आत कडुनिंबाचा वाळलेला पाला. प्रत्येक संच वेगळ्या पिशवीत, वर आकडा लिहिलेला: ठिपके ६, पत्ते ३६. परत घेताना मोजून घ्यावेत, कारण छत्तीसातलं एक कार्ड हरवलं की तो खेळ होत नाही. कार्डशीटचे उरलेले २७ चौकोन त्यासाठीच रंगवून डब्यात ठेवावेत.